बांध कुणाचा, उतारा कुणाचा?

या अंकासाठी आलेल्या पत्रांतून शेतजमिनीची हद्द आणि मालकी यांविषयीचे प्रश्न निवडले आहेत. मोजणीचे मुद्दे भूमी अभिलेखाचं काम जाणणाऱ्यांनी पाहिले आहेत, तर दाव्यांचे मुद्दे दिवाणी वकिलांनी. पत्रलेखकांची नावं वगळली आहेत.

प्रश्न : सातबाऱ्यावर आमचं क्षेत्र ०.८० हेक्टर आर आहे. मोबाइलच्या ॲपवर मोजलं तर ७४ आरच भरतं. पूर्वेचा शेजारी दरवर्षी नांगरताना बांध कोरतो, तेव्हा हे सहा आर त्यानेच खाल्ले असणार. थेट कोर्टात जावं का?

कोर्टाआधी कागद-पेन्सिल घ्या. तुमचा पूर्वेचा बांध किती लांब आहे ते पत्रात नाही. तो २०० मीटर धरू. शेजाऱ्याने संपूर्ण लांबीभर एक मीटर बांध कोरला, तर जमीन जाते २०० चौरस मीटर, म्हणजे दोन आर. सहा आर जायला बांध तीन मीटर सरकावा लागेल, आणि तीन मीटर सरकलेला बांध गावात कुणाच्याही नजरेतून सुटत नाही. आता दुसरी बाजू पाहा. मोबाइलची जागा दाखवण्यातली चूक काही मीटरची असू शकते. २०० मीटरच्या एकाच बाजूला तीन मीटरची चूक झाली, तर तेवढ्यानेच ६०० चौरस मीटर, म्हणजे तुमचे सहाच्या सहा आर गायब दिसतील. शेजारी निर्दोष आहे असं आम्ही म्हणत नाही. पण ॲपचा आकडा पुरावा म्हणून कुठेही चालणार नाही, आणि त्यावर विसंबून भांडण सुरू केलंत तर मोजणीच्या दिवशी तोंडघशी पडाल.

योग्य रस्ता म्हणजे तालुक्याच्या उप अधीक्षक, भूमी अभिलेख कार्यालयात 'हद्द कायम' मोजणीचा अर्ज. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १३६ नुसार हितसंबंधित माणसाच्या अर्जावरून भूमापन क्रमांकाची किंवा पोटविभागाची हद्द आखून देता येते. अर्जासोबत ताजा सातबारा, शुल्काचं चलन आणि लगतच्या सर्व खातेदारांची नावं-पत्ते द्यावे लागतात. या शेवटच्या गोष्टीकडेच बहुतेकांचं दुर्लक्ष होतं. लगतचा एखादा कब्जेदार सुटला आणि त्याला नोटीस गेली नाही, तर तो पुढे 'माझ्या माघारी मोजणी झाली' म्हणून अख्खं काम उधळू शकतो. शेजारी मयत असेल तर त्याच्या वारसांची नावं द्या. जमीन विकली गेली असेल तर नव्या खातेदाराचं नाव द्या. चारही बाजूंचे सातबारे स्वतः काढून त्यांवरून यादी केलेली बरी.

अर्ज टाकल्यावर गप्प बसू नका. त्याच कार्यालयातून तुमच्या गटाच्या जुन्या अभिलेखांच्या नकला मागा : टिपण (मूळ मोजणीच्या मापांचा कागद), फाळणी म्हणजे पोटहिस्से पाडले असतील तर फाळणी नकाशा, गटबुकाचा (गटांच्या नकाशांच्या पुस्तकाचा) नकाशा, आकारबंदाचा (क्षेत्र आणि आकाराच्या मूळ नोंदवहीचा) उतारा आणि एकत्रीकरण योजना झालेल्या गावी ९(३)-९(४) चा उतारा. सातबाऱ्यावरचं क्षेत्र आकारबंदाशी जुळतं का ते पहिल्यांदा ताडून बघा. ते जुळत नसेल तर तुमचे सहा आर शेजाऱ्याच्या शेतात नसून एखाद्या जुन्या लेखनिकाच्या बेरजेत हरवलेले असू शकतात. एकर-गुंठ्यांचं हेक्टर-आरमध्ये रूपांतर करताना, एकत्रीकरणात किंवा हाती लिहिलेल्या सातबाऱ्यावरून संगणकात उतरवताना अशा चुका झाल्या आहेत. एक गुंठा म्हणजे १०८९ चौरस फूट, म्हणजे १०१.१७ चौरस मीटर. एक आर १०० चौरस मीटरचा. तेव्हा १ एकर ३९ गुंठे म्हणजे साधारण ०.८० हेक्टर आर. जुन्या उताऱ्यावर १ एकर ३३ गुंठे निघाले, तर ते ०.७४ च्या आसपास येतात आणि कोडं तिथेच सुटतं.

टिपणावरची मापं साखळी आणि आण्यांत असतात. ३३ फुटांची एक साखळी आणि साखळीचे १६ आणे, म्हणून एक आणा दोन फुटांहून जरासा जास्त. ३३ फूट बाय ३३ फूट म्हणजे बरोबर एक गुंठा, हे लक्षात ठेवलं की टिपण वाचायला सोपं जातं.

मोजणीच्या दिवशी चुना, हद्दीचे दगड किंवा खांब आणि दोन-तीन मजूर तयार ठेवा. उभं पीक, घाणेरीची जाळी, कुंपणावरचं रान यांमुळे कोपरे दिसत नसतील तर आधीच साफ करा. भूकरमापक तुमच्या शेतापासून सुरुवात करत नाही, हे पाहून लोक गोंधळतात. तो आधी न हलणाऱ्या खुणा शोधतो : जुना हद्दीचा दगड, तीन गटांच्या हद्दी मिळतात तो कोपरा, जुनी विहीर, न बदललेला बांध. त्या आधारावर जागेवरची मोजणी आणि जुना नकाशा एकमेकांवर बसवतो. आता रोव्हर या उपग्रहाच्या आधारे मोजणाऱ्या यंत्रामुळे जागेवरचं मोजमाप काही सेंटिमीटरपर्यंत नेमकं येतं. पण जुना नकाशा काही रोव्हरने काढलेला नाही. नकाशाचं प्रमाण १:१००० असेल तर कागदावरचा एक मिलिमीटर म्हणजे जमिनीवरचा एक मीटर. म्हणून दोन मोजण्यांत फूट-दोन फुटांचा फरक आला की तो लबाडीचाच असतो, असं नाही. आधाराच्या खुणा वेगळ्या धरल्या तर तेवढा फरक पडतो. मोजणी चालू असताना विचारायचा खरा प्रश्न एकच : 'साहेब, आधार कुठल्या खुणांचा धरला?' त्याचं उत्तर तिथल्या तिथे लिहून ठेवा.

मोजणीनंतर 'क' प्रत, म्हणजे मोजणीचा नकाशा, मिळते. तिच्यात अभिलेखाप्रमाणे येणारी हद्द आणि प्रत्यक्ष वहिवाट वेगवेगळ्या रेषांनी दाखवलेली असते. दोन रेषांमधली पट्टी म्हणजे अतिक्रमण, आणि तिचं क्षेत्र नकाशावर लिहिलं आहे ना ते पाहा. निकाल पटला नाही तर निमताना मोजणी, म्हणजे फेरमोजणी, मागता येते. ती वरिष्ठ अधिकारी करतो. 'मोजणी मान्य नाही' एवढंच लिहून भागत नाही. कुठला आधारबिंदू चुकीचा धरला, कुठला अभिलेख पाहिला नाही, ते स्पष्ट लिहा.

पट्टी निघाली तरी भूकरमापक तुम्हाला ताबा देत नाही, तो त्याचा अधिकारच नाही. कलम १३८ नुसार हद्द ठरल्यावर चुकीच्या ताब्यातल्या माणसाला जिल्हाधिकारी काढू शकतात, आणि तसा अर्ज करता येतो. शेजाऱ्याने मालकीच नाकारली, तर मात्र प्रकरण दिवाणी कोर्टात जाणार हे धरून चला.

प्रश्न : सातबाऱ्यावर तीस वर्षांपासून आमचंच नाव आहे. आता एकजण १९८८ चं खरेदीखत घेऊन आला आहे. सातबारा आमच्या नावावर असताना तो मालक कसा होईल?

होऊ शकतो. या प्रश्नाचं उत्तर लोकांना आवडत नाही, तरी ते सरळ सांगायला हवं.

सातबारा हा मुळात महसुली अभिलेख. सारा कुणाकडून घ्यायचा, जमीन कोण कसतं, इतर हक्कांत कोण आहे, हे त्यात लिहिलेलं असतं. संहितेच्या कलम १५७ प्रमाणे त्यातली आणि फेरफारातली (हक्क बदलल्याच्या नोंदवहीतली) प्रमाणित नोंद खरी मानली जाते, पण 'विरुद्ध सिद्ध होईपर्यंत'. हे तीन शब्द विसरून लोक वीस-वीस वर्षं निर्धास्त राहतात. फेरफार मंजूर झाल्याने मालकी येत नाही आणि नोंद नसल्याने ती जातही नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने वेळोवेळी सांगितलं आहे. सावर्णी विरुद्ध इंदर कौर (१९९६) आणि जितेंद्र सिंग विरुद्ध मध्य प्रदेश राज्य (२०२१) ही त्यातली नेहमी दाखवली जाणारी दोन प्रकरणं.

मालकी कशाने येते? खरेदी, बक्षीस, वाटप, वारसा, मृत्युपत्र, कुळकायद्याखालचं प्रमाणपत्र, सरकारी वाटपाचा आदेश, कोर्टाचा हुकूमनामा. तुमचं नाव यांपैकी कशामुळे लागलं, ते शोधणं हे पहिलं काम. सातबाऱ्यावर नावाजवळ फेरफार क्रमांक असतो. तो धरून गाव नमुना ६, म्हणजे फेरफार नोंदवही, काढा. फेरफारात नावाचं कारण लिहिलेलं असतं. मग त्याच्या आधीचा फेरफार, मग त्याच्याही आधीचा, असं करत मूळ धारकापर्यंत पोचा. नकला जोडताना साखळीतली एकही कडी सुटू देऊ नका. बहुतेक दावे याच सुटलेल्या कडीवर हरले जातात. वारसाची नोंद असेल तर नमुना ६क पाहा. नोंदीला तेव्हाच हरकत आली असेल तर ६अ मध्ये विवादाची नोंद सापडेल. जुने हस्तलिखित उतारे तहसीलच्या अभिलेख कक्षात मिळतात. मराठवाड्यात खासरा पाहणी पत्रक आणि विदर्भात अधिकार अभिलेख हे जुने आधार आहेत, आणि त्यांच्या नकला घ्यायलाच हव्यात. कागद मोडीत किंवा उर्दूत असतील तर जाणकाराकडून लिप्यंतर करून घ्या, आणि लिप्यंतर करणारा गरज पडल्यास साक्षीला येईल याची खात्री करा.

समोरच्याच्या खरेदीखताचंही तसंच खोदकाम करा. दुय्यम निबंधकांकडे त्याची सूची २ (नोंदलेल्या दस्ताचा गोषवारा) पाहा. विकणाऱ्याचा त्या दिवशी हक्क होता का? जमीन एकत्र कुटुंबाची असताना एकट्याने विकली का? भोगवटादार वर्ग २ ची, म्हणजे विकण्यावर निर्बंध असलेली, जमीन परवानगीशिवाय विकली का? सातबाऱ्याच्या इतर हक्कांत कुळाचं नाव होतं का? आणि मुख्य म्हणजे, १९८८ नंतर इतकी वर्षं त्याने नोंद का लावली नाही आणि ताबा कुणाचा होता? हक्क मिळाल्याची खबर तीन महिन्यांत द्यायची असं कलम १४९ सांगतं, मात्र नोंदणीकृत दस्ताने हक्क मिळाला असेल तर त्यातून सूट आहे. न दिल्याने हक्क बुडत नाही, तरी उलटतपासणीत हा प्रश्न बोचतोच.

दस्त तीस वर्षांहून जुना आणि योग्य ठिकाणाहून आलेला असेल तर भारतीय साक्ष अधिनियम, २०२३ च्या कलम ९२ प्रमाणे कोर्ट सही आणि दस्त करून देणं खरं धरू शकतं. पण ते फक्त सहीपुरतं. आतला मजकूर खरा ठरवायला वेगळा पुरावा लागतो.

त्याने आता खरेदीखतावरून नोंदीसाठी अर्ज केला असेल, तर नोटीस मिळताच लेखी हरकत द्या. मंडळ अधिकाऱ्यांनी नोंद तरीही मंजूर केली तर प्रांताधिकाऱ्यांकडे कलम २४७ खाली अपील करता येतं, मुदत साठ दिवस. तहसीलदारांकडे कलम १५५ खाली दुरुस्तीचा अर्ज करा असं कुणी सुचवलं तर सावध राहा. ते कलम लेखनप्रमादापुरतं आहे. मालकीचा वाद त्यात बसवून मिळवलेला आदेश अपिलात उलटतो, आणि मधली दोन-तीन वर्षं वाया जातात.

प्रश्न : वडिलांनंतर आम्हा चार भावांचे वेगळे सातबारे झाले. मी मोजणीचा अर्ज केला तर 'पोटहिश्शाचा नकाशा नाही' म्हणून परत आला. सातबारा वेगळा असताना नकाशा कसा नाही?

कारण तुमची वाटणी तलाठी दप्तरात झाली, भूमी अभिलेखात झाली नाही. घरगुती वाटप झालं, फेरफार झाला, सातबारे फुटले. जमिनीवर मात्र रेषा कुणीच ओढली नाही. सातबाऱ्यावर १/४ हिश्शाचं क्षेत्र आहे, पण तो हिस्सा गटाच्या उत्तरेला की दक्षिणेला, हे सांगणारा कागद अस्तित्वातच नाही. जी रेषा कधी आखलीच नाही ती भूकरमापक 'कायम' कशी करणार?

तुम्हाला हवी ती पोटहिस्सा मोजणी. चौघांनी मिळून अर्ज करायचा, ज्याच्या-त्याच्या वहिवाटीप्रमाणे रेषा दाखवायच्या, जबाबांवर सह्या करायच्या. मोजून आलेलं क्षेत्र प्रत्येकाच्या सातबाऱ्याशी तंतोतंत जुळत नाही, हे गृहीत धरा. एकाचे दोन आर जास्त, दुसऱ्याचे दोन कमी, असं निघतंच. तिथे भांडण लागलं की काम थांबतं. म्हणून मोजणीआधी घरात बसून ठरवा : क्षेत्र प्रमाण की बांध प्रमाण? बांध तसाच ठेवून क्षेत्रात दुरुस्ती करायची, की क्षेत्र सारखं करून बांध हलवायचा? विहीर, पाइपलाइन आणि जायची वाट कुणाच्या हिश्शात येते हेही त्याच बैठकीत लिहून घ्या. मोजणीनंतर आकारफोड (पोटहिश्शांत क्षेत्र आणि आकार विभागून देणं) होऊन त्याप्रमाणे तलाठी दप्तरी नोंद झाली, की मगच तुमच्या हिश्शाला स्वतःचा नकाशा मिळतो.

एक भाऊ सही देत नसेल आणि हिश्शांबद्दल वाद नसेल, तर तहसीलदारांकडे कलम ८५ खाली वाटपाचा अर्ज करा. त्याने हक्काचाच वाद काढला तर तो वाद दिवाणी कोर्टात सुटेपर्यंत तिथे वाटप होणार नाही. बहिणींची नावं सोडून वाटप केलं असेल तर ते दुखणं आत्ताच काढा. मुलींचा जन्मतः असलेला हक्क सर्वोच्च न्यायालयाने विनीता शर्मा प्रकरणात (२०२०) स्पष्ट केला आहे. सह्या झाल्यावर बहीण उभी राहिली तर मोजणी, आकारफोड सगळं पुन्हा करावं लागेल.

प्रश्न : खरेदीखतात गट क्रमांक एक लिहिला आहे आणि चतुःसीमा दुसऱ्याच गटाच्या. आम्ही ताब्यात आहोत ती जागा चतुःसीमेप्रमाणे आहे. काय धरावं?

क्रमांक आणि वर्णन जुळत नसेल तर कोर्ट पक्षकारांना नेमकी कुठली जागा द्यायची-घ्यायची होती ते पाहतं. शिवध्यान सिंग विरुद्ध सनिचरा कुअर (१९६३) या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने क्रमांकातली चूक बाजूला ठेवून खाते क्रमांक, क्षेत्र आणि चतुःसीमा यांवरून जमीन ओळखली. जागेवरच्या ठाम हद्दी आणि क्षेत्राचा आकडा यांत विसंगती असली, तरी सहसा हद्दींनाच वजन मिळतं. त्यामुळे तुमची बाजू कमकुवत नाही.

पण कोर्टाची वाट पाहू नका. विक्रेता हयात असेल तर त्याच्याकडून नोंदणीकृत चूकदुरुस्ती पत्र करून घ्या. तो मयत असेल तर सर्व वारसांच्या सह्या घ्या. ते तयार नसतील तर विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम २६ खाली दस्त दुरुस्तीचा दावा करता येतो. दरम्यान चुकलेल्या क्रमांकाच्या गटाचा मालक ती जमीन विकत नाही ना, यावर लक्ष ठेवा.

चतुःसीमेबद्दल एक सूचना, नव्या दस्तांसाठीही. 'पूर्वेस अमक्याची जमीन, पश्चिमेस ओढा' हे वर्णन जुन्या खतांतून जसंच्या तसं उतरवत जातात. त्या अमक्याची जमीन तीन वेळा विकली गेलेली असते आणि ओढ्याने पात्र बदललेलं असतं. चारही बाजूंना गट क्रमांक लिहा आणि 'क' प्रत दस्ताला जोडा.

प्रश्न : पाच वर्षांपूर्वी नोटरीसमोर शंभर रुपयांच्या स्टँपवर 'कायम खरेदी' लिहून घेतली, पैसे पूर्ण दिले. मालकी आली ना?

नाही. नोंदणीकृत खरेदीखताशिवाय अशी मालकी येत नाही. विक्री करार, कुलमुखत्यारपत्र, मृत्युपत्र असं गाठोडं बांधूनही ती येत नाही, असं सूरज लॅम्प प्रकरणात (२०११) स्पष्ट झालं आहे. पैसे दिल्याच्या बँक नोंदी जपा आणि विक्रेता हयात असेपर्यंत, मुद्रांक शुल्क भरून, खरेदीखत करून घ्या. तो नकार देत असेल तर वकिलांना लगेच भेटा, कारण अशा दाव्याला मुदत तीन वर्षांची. ती कधीपासून मोजायची ते तुमच्या कागदातल्या तारखांवर ठरेल.

प्रश्न : अतिक्रमणाविरुद्ध मनाईचा दावा लावला होता. 'वादीने हद्द शाबित केली नाही' म्हणून फेटाळला. मोजणीचा नकाशा दाखल केला होता, तरीही! आता अपिलात काय करता येईल?

नकाशा दाखल करणं आणि नकाशा शाबित करणं यांत अंतर आहे. ज्याने मोजलं तो भूकरमापक साक्षीला आला का? त्याने टिपण-गटबुक सोबत आणलं का? नोटिसा बजावल्याचा पुरावा आला का? आणि सगळ्यांत घातक प्रश्न : त्याने फक्त तुमचाच गट मोजला की शेजाऱ्याचाही? दोन गटांमधल्या हद्दीचा वाद एक गट मोजून सुटत नाही. तुमचा गट मोजून क्षेत्र कमी भरलं, एवढ्याने शेजाऱ्याकडे जास्त आहे हे सिद्ध होत नाही. कमी पडलेली जमीन चौथ्या बाजूच्या रस्त्यातही गेलेली असू शकते.

हद्दीच्या वादात कोर्टाकडून आयुक्त, म्हणजे जागा पाहून कोर्टाला अहवाल देणारा माणूस, नेमून घेणं हाच राजमार्ग. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २६, नियम ९ खाली अर्ज करायचा. हरियाणा वक्फ बोर्ड विरुद्ध शांती सरूप (२००८) या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सीमांकनाचाच वाद असताना आयुक्त नेमायला हवा होता, असं म्हटलं आहे. तुमच्या अपिलात हा निर्णय उपयोगी पडेल. अर्जात मागणी नेमकी लिहा : दोन्ही गटांची संयुक्त मोजणी मूळ अभिलेखावरून व्हावी, आधारबिंदू नकाशावर दाखवावेत, अतिक्रमण असल्यास त्याला अ-ब-क-ड अशी अक्षरं देऊन लांबी-रुंदी आणि क्षेत्र लिहावं. आयुक्तांचा अहवाल पुराव्यात वाचला जातो, मात्र विरुद्ध बाजू त्यांना तपासू शकते. अहवालावर हरकत घ्यायची असेल तर ती लगेच आणि लेखी घ्या.

दुसरी शक्यता तुमच्या दाव्याच्या मांडणीत आहे. शेजारी पट्टीच्या ताब्यात असेल तर नुसत्या मनाईने काय मिळणार? मनाई ताबा राखायला मिळते, गेलेला ताबा परत आणायला नाही. अनथुला सुधाकर विरुद्ध पी. बुची रेड्डी (२००८) या निकालात याची वर्गवारी आहे. ताबा तुमचा आणि मालकीवर वाद नाही, तर मनाई पुरते. ताबा तुमचा पण मालकीवर सावट, तर मालकी जाहीर करून मागा आणि सोबत मनाई. ताबाच गेलेला असेल तर ताब्याची मागणी हवीच. वादीला स्वतःच्या हक्काच्या बळावर जिंकावं लागतं, समोरच्याच्या कागदांतली भोकं दाखवून नाही. हे वासवी को-ऑपरेटिव्ह हाउसिंग सोसायटी प्रकरणात (२०१४) सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा बजावलं. दाव्यात दुरुस्ती मागायची की नवा दावा करायचा, हे पहिला निकाल नेमका कशावर झाला ते वाचून वकील ठरवतील. निकालाची प्रमाणित प्रत घेऊनच त्यांच्याकडे जा.

आदेश ७, नियम ३ प्रमाणे दाव्यात मिळकतीचं ओळखू येईल असं वर्णन लागतं. 'पूर्वेकडील अतिक्रमित भाग' असं मोघम लिहिलेला दावा जिंकलात, तरी बेलिफ जागेवर येऊन कुठे दोरी धरायची ते विचारील.

प्रश्न : शेजारी म्हणतो, बारा वर्षांहून जास्त काळ ती पट्टी मी कसतो, आता ती माझी. खरं का?

नुसतं कसणं पुरत नाही. मर्यादा अधिनियमाच्या अनुच्छेद ६५ मधली बारा वर्षं ताबा तुमच्या हक्काविरुद्ध झाला तिथपासून मोजली जातात. तो ताबा उघड, सलग आणि 'ही माझी आहे, तुझी नाही' अशा थाटाचा असावा लागतो. बटईने, सांभाळायला किंवा भाऊबंदकीत सहहिस्सेदार म्हणून असलेला ताबा आपोआप विरुद्ध होत नाही. दरवर्षी वीतभर सरकत गेलेल्या बांधाबाबत बारा वर्षांपूर्वी बांध नेमका कुठे होता, हे त्यालाच सिद्ध करावं लागेल. मात्र असा हक्क पक्का झाला असेल तर तो ढाल म्हणून आणि दावा लावूनही मागता येतो (रविंदर कौर ग्रेवाल प्रकरण, २०१९). तेव्हा 'बघू पुढच्या वर्षी' म्हणत बसू नका. तुम्हाला जमिनीवरून नुकतंच हुसकावलं असेल तर विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम ६ खाली सहा महिन्यांत दावा करा. त्यात मालकी सिद्ध करावी लागत नाही.

प्रश्न : गावठाणातल्या घराला ग्रामपंचायतीचा नमुना ८ आहे, घरपट्टी आम्ही भरतो. शेजाऱ्याने भिंत पुढे घेतली. नमुना ८ दाखवून चालेल का?

नमुना ८ ही कर आकारणीची नोंद आहे. ताबा दाखवायला तिचा उपयोग होतो, मालकी आणि हद्द ठरवायला फारसा नाही. गावठाणाचं भूमापन झालं असेल तर मिळकत पत्रिका आणि नगर भूमापनाचा नकाशा काढा. २०२० मध्ये सुरू झालेल्या स्वामित्व योजनेत ड्रोनने मोजणी झालेल्या गावी सनद आणि मिळकत पत्रिका मिळते. गावात ती चौकशी चालू असेल तर हरकत त्याच वेळी घ्या. चौकशीत हद्द शेजाऱ्याच्या भिंतीप्रमाणे नोंदली गेली, तर नंतर ती उलटवायला फार वेळ जाईल. भूमापनच झालं नसेल तर जुनी खरेदीखतं, जोत्याची मापं, सामाईक भिंतीबद्दलचे लेख, बांधकाम परवानगीचे नकाशे आणि जुने फोटो हाच पुरावा. जोतं मोजताना आतून मोजलं की बाहेरून, ते लिहा. दीड फुटाची मातीची भिंत दोन्ही बाजूंना धरली तर तीन फुटांचा फरक पडतो, आणि गावठाणातले कितीतरी वाद एवढ्याच रुंदीचे असतात.

प्रश्न : मोजणी झाली, दगड रोवले. पंधरा दिवसांत दोन दगड कुणीतरी उपटून बांधाखाली टाकले. पुन्हा पैसे भरून मोजणी करायची का?

आधी जागेवरचे खड्डे बुजायच्या आत फोटो काढा आणि तलाठ्यांकडे व पोलिसांत लेखी तक्रार द्या. हद्दीच्या खुणांना धक्का लावणं संहितेप्रमाणे दंडनीय आहे. दगड मनानेच परत रोवू नका. तसं केलंत तर तुम्हीच ते हलवले असा उलट आरोप येतो. 'क' प्रतीवरची अंतरं घेऊन कार्यालयाकडून खुणा पुन्हा दाखवून मागा. उरलेले दगड जागेवर असतील तर हे काम सोपं जातं.

पुढच्या वेळी दगड रोवतानाच प्रत्येक दगडाचं अंतर दोन पक्क्या वस्तूंपासून मोजून ठेवा, विहिरीचा कठडा, विजेचा खांब, घराचा कोपरा यांपासून. दोन अंतरांचे कंस जिथे छेदतात तिथेच, बरोबर बाजूला, दगडाची जागा. पक्क्या वस्तू दोन दिशांना असू द्या, एकाच रेषेत असल्या तर छेद नेमका येत नाही. ही मापं एका कागदावर मांडून मोजणीला हजर असलेल्या लगतच्या खातेदारांच्या सह्या त्याच दिवशी, चहा व्हायच्या आत, घेऊन टाका.